बिनअंड्याचा लेप आणि सातवं अक्षर

माझा डावा हात आश्विनात मोडला आणि वैशाखात सरळ झाला. मधले कित्येक महिने तो वाकडा होता, हे मला दिसत होतं, माझ्या बायकोला दिसत होतं, आख्ख्या चाकूरला दिसत होतं. फक्त कागदावर तो सरळ होता. आणि कागदावर असतं तेच खरं, हे पंचायत समितीच्या आवक-जावक टेबलावर बसून सव्वीस वर्षं मीच लोकांना सांगत आलोय. त्यामुळे तक्रार नेमकी कुणाकडे करायची, तिथूनच पंचाईत होती.

आमच्याकडे सोयाबीन निघालं की रस्ता रस्ता राहत नाही, त्याचं खळं होतं. शेजारचे संगप्पाअण्णा, त्यांचं आडत दुकान आहे, त्यांनी आमच्या गल्लीच्या तोंडाशी सोयाबीन वाळत घातलं होतं. मी स्कूटीवरून अगदी बेतानं येत होतो. बेतानंच पडलो. त्या दाण्यांवरून गाडी गेली डावीकडे, मी गेलो उजवीकडे, आणि डावा हात कसा कोण जाणे दोघांच्या मध्ये सापडला. अण्णा धावत आले. त्यांनी आधी सोयाबीन गोळा केलं आणि मग मला उचललं, असं माझी बायको अंबिका आजही म्हणते. अण्णांचं म्हणणं असं की वैजनाथअप्पा उठताना परत घसरू नयेत म्हणून आधी दाणे बाजूला केले.

थोरली लेक पुनम नांदेडला असते म्हणून नांदेडच्या एका दवाखान्यात गेलो. मनगटापाशी हाड मोडलं होतं. त्यांनी ते ओढून बसवलं, प्लास्टर घातलं आणि सहा आठवडे हात लावायचा नाही असं बजावून घरी पाठवलं. गोष्ट इथेच संपायला हरकत नव्हती. पण आमची गल्ली आहे.

पंधराव्या दिवशी प्लास्टरच्या आत खाज सुटली. मी पट्टीनं खाजवत ओट्यावर बसलो असताना संगप्पाअण्णा आले. त्यांच्या सोयाबीनवरून पडल्यापासून माझ्या हाताची काळजी त्यांनी स्वतःकडे घेतली होती. खाज म्हणजे हाड आत कुजत असल्याची खूण, असं त्यांनी सांगितलं. देगलूरच्या पलीकडे मडिवाळप्पा म्हणून हाडवैद्य आहेत, तीन पिढ्या तेच काम, त्यांनी अण्णांच्या बैलाचा पाय असा जोडला की बैल नंतर तीन वर्षं औताला चालला. माझ्यासारख्या बी.ए. झालेल्या माणसानं बैलाचा दाखला मान्य करायला नको होता. पण खाज फार होती.

मडिवाळप्पांनी करवतीनं प्लास्टर कापलं, मनगट चाचपलं आणि कन्नडमध्ये स्वतःशीच काहीतरी म्हणाले. मग लेपाची तयारी सुरू झाली. पाला, हळद, चुना आणि शेवटी अंडं. अंडं ते स्वतः फोडत नसत. तेही आमच्यातलेच, लिंगायत, गळ्यात लिंग असलेले. अंडी फोडायला त्यांनी एक वेगळा माणूस ठेवला होता. मी हात मागे ओढला. म्हणालो, याच तळहातावर मी रोज सकाळी इष्टलिंग घेतो, तिथे अंडं चालायचं नाही. तीन पिढ्यांत ही हरकत त्यांच्याकडे बहुधा कुणी घेतली नव्हती.

"अंड्याबगर पक्का बसत न्हाई," ते म्हणाले. "तुमी म्हनताव तर उडदाचं पीठ लावतो. पन हात हलवू नका. उडीद हाय ते, शिमिट न्हाई."

देगलूर ते उदगीर आणि उदगीर ते चाकूर एसटीनं हात न हलवता येणं कुणालाच शक्य नाही. घरी पोचेपर्यंत लेपाला भेगा गेल्या. दुसऱ्या दिवशी त्याला मुंग्या लागल्या. चौथ्या दिवशी तो तुकड्या-तुकड्यानं सुटून ताटात पडला, आणि अंबिकेनं एक अक्षर न बोलता ताट उचलून नेलं. ती बोलली असती तर बरं झालं असतं. लेपावर आधाराला दिलेल्या बांबूच्या कांबी मात्र मी महिनाभर इमानानं बांधून ठेवल्या.

सहा आठवड्यांनी नांदेडला दाखवायला गेलो, तेव्हा प्लास्टर कुठं गेलं असा प्रश्न येणार हे उघड होतं. बसमध्ये मी उत्तर पाठ केलं. लातूरला काढून घेतलं, असं सांगितलं. डॉक्टर तरुण होते, घाईत होते, दाराबाहेर वीस-पंचवीस माणसं. फोटो काढायचा का, म्हणाले. मी म्हणालो, कशाला. काही त्रास? मी म्हणालो, काहीच नाही, एकदम ठणठणीत. हे म्हणताना मनगट मी टेबलाखाली धरलं होतं. खोटं का बोललो, तर लाज वाटली म्हणून. सरकारी नोकरीतला माणूस हातावर उडदाचं पीठ थापून आला, आणि तेही स्वतः मागून, हे त्या पोरसवदा डॉक्टरला सांगायची मला लाज वाटली. दुसरं काही कारण नव्हतं.

लाजेचं फळ दुसऱ्याच दिवशी सकाळी मिळालं. आमच्या पूजेत इष्टलिंग डाव्या तळहातावर घ्यायचं, हात छातीशी धरायचा आणि त्याच्याकडे एकटक बघायचं. सातव्या वर्षापासून माझा एक दिवस चुकला नव्हता. वडील गेले त्या दिवशीही नाही. हात मोडल्यापासून तेवढे दिवस मी लिंग उजव्या हातावर घेत होतो आणि मनाला सांगत होतो की थोडेच दिवस राहिलेत. आता डावा हात पुढे केला, तर तळहात उताणा होईना. अर्ध्यावर येऊन थांबला आणि भिंतीकडे बघत राहिला. जोर लावला तर आख्खा खांदाच वळला. लिंग सरकलं आणि मांडीवर पडलं. जमिनीवर पडलं नाही एवढंच.

अंबिकेनं ते पाहिलं. दुसऱ्या दिवसापासून ती आपली पूजा उरकून माझ्या शेजारी येऊन बसू लागली. उजव्या हातानं बांगड्या वाजू नयेत म्हणून मागे सारायची आणि डावा हात माझ्या तळहाताच्या खालच्या कडेला आडवा लावायची, की लिंग तिथं अडायचं. हे मला अजिबात आवडत नव्हतं. पूजा एकट्यानं करायची गोष्ट आहे. शिवाय ज्या माणसाच्या सहीशिवाय तालुक्यातला एक अर्ज पुढे सरकत नाही, त्याला देवासमोर बायकोचा हात लावून घ्यावा लागतो, हे माझ्या मानाला लागत होतं. तिला तसं सांगितलं तर म्हणाली, "लागू द्या की. माझा हात तोवर रिकामाच हाय."

शेवटी लातूरला डॉक्टर रविकिरण यांच्याकडे गेलो. त्यांनी फोटो उजेडाला धरला आणि हाड जुळलंय पण वाकडं जुळलंय, असं सांगितलं. ते परत कापायचं, सरळ करायचं आणि पट्टी बसवायची. फार उशीर केला तर कठीण, असंही म्हणाले. खर्च माझ्या पगारातून झेपणारा नव्हता, पण विमा होता. विम्याची मंजुरी आली की लगेच करू, म्हणून त्यांनी मला खालच्या खिडकीवर धाडलं. या आधीच्या साऱ्या गोष्टीला मी प्रस्तावना समजतो, कारण खरा अपघात या खिडकीवर झाला.

खिडकीत तनुजा नावाची मुलगी बसते. लातुरात डॉक्टर व्हायचे क्लास आहेत तसे डॉक्टरांनी लिहिलेलं आकड्यांत बसवायचेही आहेत, ते करून ती इथे लागली होती. तिनं मला शांतपणे समजावून सांगितलं. प्रत्येक दुखण्याला एक कोड असतो. माझ्या कोडाला सात घरं. पहिल्या सहा घरांत कुठलं हाड, कुठल्या टोकाला, डावं की उजवं. सातव्या घरात एक अक्षर. नुकतंच मोडलं असेल तर ए, नीट जुळत असेल तर डी, जुळलंच नसेल तर के आणि वाकडं जुळलं असेल तर पी. मला ही पद्धत मनापासून आवडली. आमच्या कार्यालयात एवढ्याच मजकुराला चार पानी नमुना लागला असता आणि सोबत तलाठ्याचा दाखला.

तनुजानं पी टाकून पाठवलं. चार दिवसांनी कंपनीचं उत्तर आलं. नांदेडच्या नोंदीत याच हाताला डी आहे. नीट जुळलेलं हाड वाकडं जुळलेलं असू शकत नाही. खुलासा करावा. मी ते दोनदा वाचलं. संताप यायला हवा होता, पण आधी कौतुक वाटलं. इतका चोख शेरा मी स्वतःही लिहिला नसता.

मग नांदेड. रेकॉर्डच्या खोलीत बालाजी नावाचे गृहस्थ होते. मी पोचलो तेव्हा त्यांची जेवणाची सुट्टी होती, ती मी उभ्यानं काढली. नोंद दुरुस्त करायची तर ज्यांनी लिहिली त्यांचीच सही लागते, ते म्हणाले, आणि ते डॉक्टर आता हैदराबादला असतात. तोंडी चालत नाही, अर्ज द्या, अर्जासोबत ओळखपत्राची प्रत, आणि प्रत आज नाही, आज मशीन बंद आहे. हे सगळं ते ज्या सुरात बोलत होते तो सूर माझ्या ओळखीचा होता. लक्ष्मम्मा नावाची एक बाई विहिरीच्या कामासाठी माझ्या टेबलावर तीनदा आली होती, तिला मी याच सुरात तीनदा परत पाठवलं होतं. त्या खोलीत मला ती उगाचच आठवली आणि मी घाईनं तिला बाजूला सारलं.

हैदराबादच्या डॉक्टरांना फोन लावला. ते सभ्यपणे म्हणाले, काका, मी तुम्हाला त्रास विचारला होता का? मी म्हणालो, विचारला होता. तुम्ही काय सांगितलं? मी फोन ठेवला.

त्या संध्याकाळी ओट्यावर बैठक भरली. संगप्पाअण्णा होते, निवृत्त झालेले रामकिशन गुरुजी होते, आणि गुरुजींनी हा प्रश्न गणितासारखा सोडवायला घेतला. डी कंपनीनं पक्का धरलाय, तो निघत नाही. पी मान्य होत नाही. के आपल्याला लागू नाही. राहिला कोण, तर ए. ए म्हणजे नवीन मोडणं. म्हणजे अप्पांनी नवीन पडावं. एकदा नवीन पडलं की जुनं वाकडं कुणी विचारत नाही. मला यात काहीतरी चुकतंय असं वाटत होतं, पण मांडणी इतकी सरळ होती की कुठे बोट ठेवावं कळेना. खरं सांगायचं तर मी पुरता थकलो होतो. रोज सकाळी तो तिरका हात, आणि खाली बायकोचा हात.

मोडायचं काही नाही, नुसतं पडायचं, साक्षीदारांसमोर, असं ठरलं. सोयाबीनचा हंगाम संपला होता म्हणून अण्णांनी दुकानातून हरभऱ्याचं पोतं आणून अंगणात पसरलं. गुरुजींनी घड्याळात बघून वेळ टिपून घेतली. मी कपडे बदलून आलो. पडायला जुने कपडे बरे, पण फाटके नकोत, कारण दवाखान्यात जायचं होतं.

आणि मला पडता येईना. माणूस पडतो तेव्हा सहज पडतो, पण चारचौघांनी वाट बघत उभं राहिल्यावर पडणं ही फार अवघड गोष्ट आहे. दोनदा मी दाण्यांवर पाय ठेवला आणि दोन्ही वेळा सावरून पलीकडे गेलो. तिसऱ्यांदा खाली बसलो. गुरुजी म्हणाले, हे बसणं झालं, याची नोंद घेता येणार नाही. अंबिका दारात उभी राहून सगळं बघत होती. शेवटी अण्णांचा धीर सुटला. "आवो अप्पा, तुमी काय करून राहिलाव? पाय असा टाका, अन् अंग सोडून द्या," असं म्हणत त्यांनी पाय टाकला आणि अंग सोडून दिलं.

आवाज आम्हा सगळ्यांना ऐकू आला. अण्णांचं उजवं मनगट होतं. चेहरा पांढरा पडला. गुरुजींनी सवयीनं वेळ टिपून घेतली. मी वाकून अगदी मनापासून विचारलं, "देगलूरला गाडी काढू का? मडिवाळप्पांकडं?"

"येडा झालाव का," अण्णा म्हणाले. "लातूरला चला."

त्या घटकेला मला काय वाटलं ते मी लिहीत नाही. गाडीत मी खिडकीबाहेर बघत बसलो. अर्ध्या वाटेवर अण्णांनी डोळे मिटूनच माझा शर्ट धरला आणि चुकलं म्हणाले.

लातूरच्या खिडकीवर तनुजा अण्णांची माहिती लिहून घेत होती. नवीन मोडलंय, म्हणजे ए. कसं पडलात? आता कळ आणि पश्चात्ताप दोन्ही एकाच वेळी आल्यामुळे असेल, अण्णा सुरू झाले ते थांबेनात. हरभरा, पडायची शिकवणी, त्याआधीचं सोयाबीन, देगलूर, प्लास्टरवर चालवलेली करवत, अंड्याला नकार, उडदाचं पीठ, मुंग्या. रांगेतली माणसं पुढे सरकून ऐकू लागली. एक बाई तर आपला नंबर सोडून उभी राहिली. मी भिंतीवरचा लसीकरणाचा फलक अक्षर न अक्षर वाचून काढला.

तनुजानं पेन खाली ठेवलं. "काका, हे तुम्ही आधी का नाही सांगितलं? प्लास्टर पंधराव्या दिवशी निघालं तर हाड हलणारच. नांदेडची नोंद चुकलेली नाही, तुम्ही सांगितलेलं चुकलंय. तेवढं लिहून द्या, डॉक्टर तपासून त्यांचं लिहितील."

लिहून द्या. सव्वीस वर्षं हे दोन शब्द मी उच्चारले होते, ऐकले कधी नव्हते. बरं, काय लिहून द्यायचं? मी खोटं बोललो, हे. आणि तेही सहीनिशी, तारखेनिशी. मी बाकावर बसलो आणि सवयीनं सुरुवात केली, उपरोक्त विषयान्वये सविनय सादर करण्यात येते की अर्जदाराच्या नजरचुकीने. तिथे थांबलो. नजरचूक कसली? नजर चांगली होती. मनगट टेबलाखाली धरलं होतं. कागद फाडला. दुसऱ्यावर लिहिलं की प्लास्टर मी माझ्या मर्जीनं देगलूरच्या पलीकडे कापून घेतलं, लेपात अंडं नको असं मीच सांगितलं, आणि नांदेडच्या डॉक्टरांनी विचारलं तेव्हा लाजेपोटी त्रास नाही असं खोटं सांगितलं. हात उताणा होत नाही. पूजेत लिंग तळहातावर ठरत नाही. सही केली. एवढा छोटा आणि एवढा खरा अर्ज माझ्या टेबलावर आजवर आला नव्हता. आला असता तर मी तो नमुन्यात नाही म्हणून परत केला असता.

डॉक्टर रविकिरण यांनी हात तपासून आपलं टिपण जोडलं. कंपनी नाही म्हणेल, सांगितलेलं ऐकलं नाहीत म्हणून हात झटकेल, असं तनुजानं आधीच सांगून ठेवलं होतं. ते दहा दिवस मी कुणाशी धड बोललो नाही. अकराव्या दिवशी मंजुरी आली, पी मान्य. फक्त हात उजवा. अण्णांची आणि माझी फाईल एकाच दिवशी गेली होती. उजवा हात माझा ठणठणीत होता, या खेपेला खरोखरच. तनुजानं फोन करून दोन तासांत तोही जागेवर आणला. मी तिला म्हणालो, तू आमच्या कार्यालयात यायला हवं होतंस. ती म्हणाली, मी आले होते काका, उत्पन्नाच्या दाखल्याला. पुढचं तिनं सांगितलं नाही.

शस्त्रक्रिया वैशाखात झाली. चार-सहा आठवडे नुसती बोटं हलवली, मग रोज गरम पाण्यात मनगट फिरवलं. कुणाचा लेप नाही, कुणाचा सल्ला नाही. अण्णा आपला जोडलेला हात गळ्यात अडकवून येत आणि गप्प बसून जात. तपासणीला गेलो तेव्हा तनुजानं विचारलं, आता त्रास? ठणठणीत हा शब्द अगदी ओठांवर आला होता. मी तो गिळला आणि सांगितलं की सकाळी उठल्यावर कळ येते, जड उचलता येत नाही, पण तळहात पूर्ण उताणा होतो. तिनं मला तो टेबलावर करून दाखवायला लावला आणि सातव्या घरात डी लिहिला. मी जाताना लक्ष्मम्माचा अर्ज काढायचं मनाशी ठरवलं आणि सोमवारी काढलाही. तो नमुन्यात होता.

तपासणीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी अंघोळ करून पूजेला बसलो. गळ्यातल्या शिवदाऱ्यातून लिंग काढून डाव्या तळहातावर ठेवलं. हात सपाट. लिंग जागचं हललं नाही. इतक्या महिन्यांनी मी, माझा हात आणि समोर देव, मध्ये कुणी नाही. हेच तर हवं होतं.

मागे पावलं वाजली. अंबिका आपली पूजा उरकून नेहमीसारखी शेजारी बसली. सवयीनं तिनं बांगड्या मागे सारल्या आणि हात पुढे केला. तो मध्येच थांबला. तिनं माझा सपाट तळहात पाहिला, आणि हात परत घ्यावा की घेऊ नये हे तिला कळेना.

मी मनगट थोडं वाकडं केलं.

"अजून जरा तिरकाच राहतो बघ," म्हणालो.

"राहू द्या," ती म्हणाली आणि तिनं हात खाली लावला.